रजा वाढवली!

आमच्या गोरेगाव नावाच्या खेड्यात किसनमामांनी एका शिपायाला गेली वीस वर्षं ड्युटीवर जाऊ दिलेलं नाही.

शिपाई खरा नाही, सिनेमातला आहे. मामा तरुणपणी जत्रेतल्या तंबू टॉकीजमध्ये मशीन चालवायचे. टॉकीज बंद पडली. मामांकडे उरलं ते हातानं फिरवायचं मशीन आणि एका मुक्या सिनेमाचं जुनं रीळ. दर रविवारी दुपारी हळदीच्या गोदामाच्या खिडक्यांना पोती लावून मामा ते गावाला फुकट दाखवतात. पडदा म्हणजे मामांचं धोतर. सिनेमा मुका, पण मामांचं तोंड बंद नसतं.

गोष्ट सोपी. शिपाई रजेवर घरी येतो, आईच्या हातचं जेवतो, ट्रंक उचलतो. तो उंबरा ओलांडून पाठमोरा झाला, की मामा ओरडतात, "रजा वाढवली!" आणि मशीनचा दांडा उलटा फिरवतात. मग शिपाई पाठ पुढं करून घरात शिरतो, पाटावर बसतो, आणि खाल्लेला एकेक घास तोंडातून काढून ताटात ठेवतो. आई भरलेलं ताट उचलून नेते. आम्ही पोट धरून हसतो.

मी त्यांचा शेजारी आणि शाळामास्तर. शेवट पाहिल्याशिवाय मला चैन पडत नाही. एकदा म्हणालो, "मामा, जाऊ द्या की त्याला."

"काहून? आत्ताच त आलाय. जेवला बी न्हाई धड."

"जेवला होता. तुम्हीच काढून घेतलं!"

मामांचा मुलगा दत्ताही फौजेत आहे; तो मामांना आण्णा म्हणतो. घरात बाप-लेक दोघंच. दत्ताची रजा काही मामांना वाढवता येत नाही. तो निघाला की ते गोदामात जाऊन बसतात, निरोप द्यायला बाहेर येत नाहीत.

या खेपेलाही आले नाहीत. दत्ता दारात जरा वेळ थांबला. मग मला म्हणाला, "गुरुजी, इथंच उभं राहून मोबाइलवर माझं शूटिंग करा." आणि पाठीवर बॅग टाकून, घराकडं तोंड करून, चक्क उलटा चालत निघाला. पार जीपपर्यंत! वाटेत एका शेळीवर बसता बसता वाचला. गल्ली म्हणाली, पोराला ऊन लागलं.

जीपमधून तो ओरडला, "आण्णाला उलटं करून दाखवा!"

गोदामात जाऊन तसंच केलं. मोबाइलमध्ये दत्ता जीपमधून उतरला आणि सरळ चालत, हसत घरी आला. मामांनी ते पाच वेळा पाहिलं. पडद्याच्याच सोग्यानं डोळे पुसले.

"शिनेमातला बिचारा उलटा येतो, गुरुजी. इतकी वर्षं झाली, येताना त्याचं तोंड दिसत न्हाई. माझं पोरगं बघा, तोंड दाखवत येऊन राहिलंय."

मोबाइल त्यांनी मला दुसऱ्या दिवशी परत दिला.