पातेलेकाकांचा एक चमचा

कॉफीचा मसाला करावा तर पातेलेकाकांनीच! असं निदान पातेलेकाकांचं स्वतःचं तरी ठाम मत होतं. आणि का नसावं? कारखान्याच्या कँटीनमध्ये उभा जन्म गेलेला माणूस. भलंमोठं पातेलं भरून कॉफी उकळायची, वरून मसाल्याचा एक चमचा पडायचा आणि त्या वासानं मशीनवरची माणसं हात पुसत धावत यायची. पातेलेकाका हे नावही त्या माणसांनीच ठेवलेलं.

आता कँटीन सुटलं होतं आणि काकूही गेल्या होत्या. काकू होत्या तोवर घरचा ओटा त्यांचा. तिथं काकांची लुडबुड त्यांना खपायची नाही. त्यामुळे एकट्या माणसापुरतं कसं रांधतात हे काका कधी शिकलेच नाहीत, आणि आता शिकवायला काकू नव्हत्या. काका जे करतील ते उदंड व्हायचं. मग दोन-दोन दिवस तेच खिडकीशी बसून, रस्त्याकडे बघत संपवायचं. बेल वाजवायचा तो फक्त मीटर बघणारा, आणि तोही पाणी नको म्हणायचा.

म्हणून काकांनी बेत केला. मसाला करायचा आणि शेजारी वाटायचा. आवडला की माणूस सांगायला येतोच. आला की बसेल, बसला की बोलेल. एवढं सरळ होतं ते!

दालचिनी आणि लवंग मंद आचेवर शेकली, वेलदोडे थोड्या साखरेबरोबर दळले, सुंठ चाळली, जायफळं किसता किसता मनगट भरून आलं. अख्खा जिना शिंकायला लागला. शेवटी पिठाच्या डब्याएवढा मसाला झाला. काकांच्या हाताला त्याहून कमी येतच नव्हतं.

समोरच्या शिक्षिकाबाई, वरचा विमा एजंट आणि खालच्या शिंपीणबाई, तिघांनीही बरण्या दारातच घेतल्या. घालायचा किती, असं प्रत्येकानं विचारलं.

"एक चमचा. चांगला भरून," काकांनी सांगितलं. कॉफीत घाला, कस्टर्डात घाला, केकमध्ये घाला!

घरी येऊन त्यांनी काकूंचे ठेवणीतले कप पुसून ठेवले. संध्याकाळ झाली तरी कोणी आलं नाही. बेल बिघडली असेल म्हणून काकांनी बाहेर जाऊन स्वतःच वाजवून बघितली. चांगली खणखणीत वाजत होती. काका आत आले आणि त्यांना एकदम फार एकटं वाटलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी मात्र बेल वाजली ती थांबेचना. दारात तिघंही उभी! काकांचा चेहरा असा फुलला की शिंपीणबाईंनी हातातली वाटी पदराआड केली. "या, या, बसा. आवडला ना?" म्हणत काका खुर्च्या ओढू लागले.

मग एकेक बाहेर पडलं. लवंगेनं एजंटची जीभ बधिर झाली होती आणि बोलण्यावर पोट असलेला तो माणूस गिऱ्हाइकासमोर नुसता हातवारे करून परतला होता. जायफळाच्या गुंगीत शिक्षिकाबाई भर वर्गात मुलांच्या आधी झोपल्या होत्या. शिंपीणबाईंनी तर कस्टर्डाची वाटीच पुरावा म्हणून आणली होती. लेकीच्या होणाऱ्या सासूनं त्यातला एक घास खाल्ला आणि पुढचा सगळा वेळ ती पाणी पीत बसली होती.

"पण मी तर एकच चमचा सांगितला होता," काका कळवळून म्हणाले.

"एकच घातला," शिक्षिकाबाई म्हणाल्या. "प्रत्येक कपात."

"कपात? अहो, पातेल्यात!"

मग एजंट बधिर जिभेनं जो काही हसला, त्यावर बाकीच्यांनाही हसू आवरेना. शिंपीणबाई तर डोळे पुसत खुर्चीत बसल्याच. काकांनी पातेलं चढवलं, चिमूटभर मसाला घातला आणि चौघांची कॉफी केली. लेकीचं लग्न, शाळेची नवी मुख्याध्यापिका, एजंटची घोरणारी बायको असं सगळं निघालं. दिवे लागले तरी कोणी उठत नव्हतं.

जाताना शिक्षिकाबाईंनी चिमटीतलं प्रमाण नीट विचारून घेतलं, आणि घात तिथंच झाला. आता सगळ्यांच्या कॉफीचं अगदी बरोबर जमायला लागलं. "मसाला झकास, काका!" असं जिन्यातूनच ओरडून एजंट वर निघून जायचा. शिंपीणबाईंनी रिकामी बरणी दाराबाहेर ठेवली, बेलसुद्धा वाजवली नाही. काकूंचे कप पुन्हा कपाटात गेले.

बरण्या भरायच्या म्हणून काकांनी परत मसाला करायला घेतला. जायफळ किसून झालं. प्रमाण अगदी बरोबर होतं. काका थोडा वेळ त्या ढिगाकडे बघत राहिले. मग त्यांनी आणखी दोन जायफळं किसली, वर लवंग जरा सढळ हातानं टाकली, आणि हात धुऊन कप पुसायला घेतले.