टोपी घालून व्हिडिओ कॉल

आमच्या सोसायटीतले सायमनकाका किहीमकर नातीला व्हिडिओ कॉल लावण्याआधी डोक्यावर टोपी घालतात. अंगात नुसता बनियन असला तरी टोपी हवीच.

"अहो, हिब्रू बोलायचं ना! बोडक्या डोक्यानं कसं बोलणार?"

काका बेने इस्राएल, म्हणजे मराठी ज्यू. मूळ अलिबागकडचे, जन्म नाशिकरोडचा. त्यांना हिब्रू येतं ते फक्त प्रार्थनांपुरतं. सहा वर्षांची नात इस्रायलमध्ये. तिला हिब्रूशिवाय काही येत नाही. मधे दुभाषा म्हणून मुलगा. माझ्याकडे काम फोन धरण्याचं. तेही धड जमत नाही. निम्मा वेळ तिला आजोबांऐवजी पंखा दिसतो. माझा पोरगा पुण्यात, भाषा आमची एकच, तरी आमचं बोलणं 'हं'वर संपतं. मी कोणाला हसणार?

काकांकडे मात्र सगळ्याला प्रार्थना आहे. नातीनं पाव दाखवला की पावाची, फळ दाखवलं की फळाची. एकदा तिनं नवा फ्रॉक दाखवला. काकांनी खणखणीत प्रार्थना म्हटली. तिचं तोंड एवढंसं झालं.

"बाबा!" मुलगा ओरडला. "'नागव्यांना वस्त्र देणाऱ्या देवा, तू धन्य' काय? ती म्हणतेय, मी नागडी कधी होते?"

"मग काय म्हणू? छान दिसतेस, असं प्रार्थनेत आहे कुठं?"

नाशिकातले त्यांचे लोक एकेक करून तिकडे गेले, उरलेले वर. "शुक्रवारी दिवा लावणारा मी, आमेन म्हणणाराही मीच," काका हसत सांगतात.

"मग तुम्हीही जा की," मी एकदा म्हटलं.

"आणि पोरीशी बोलू काय? समोर बसून पाव दाखवू?"

परवा फोन नातीनंच लावला. एकटीच होती, हुंदके देत होती. भराभर काहीतरी सांगत होती. 'साबा, साबा', म्हणजे आजोबा, एवढंच मला कळलं. काकांनी एक प्रार्थना म्हटली. दुसरी म्हटली. तिसरी अर्ध्यातच राहिली.

"उगी, माझे राणी," ते एकदम म्हणाले. "उगी, उगी. कोणी रडवलं माझ्या सोन्याला? त्याचं घर आपण उन्हात बांधू, हं."

तिनं नाक ओढलं. ऐकत राहिली. मग आजोबांचे भरलेले डोळे पाहून फोनच्या काचेवर बोट फिरवत म्हणाली, "उगी?"

तेवढ्यात तिच्यामागून मुलगा धावत आला. "बाबा, काय झालं? काय म्हणतेय ती?"

"थांब रे जरा," काका म्हणाले. "आम्ही बोलतोय."