पिवळ्या मेपलची जाहीर स्तुती

आमच्या सातविहीर गल्लीत आजवर कोणी कोणाला 'नाही' म्हटलेलं नाही. क्योटोतल्या इतर गल्ल्याही हाच दावा करतात, पण त्यांची अधूनमधून जीभ घसरते. आमच्याकडे नापसंती दाखवायची झाली की स्तुती करतात. थोडी नापसंती असेल तर थोडी स्तुती, जास्त असेल तर सढळ. पाहुण्याने उठावं असं वाटलं तर त्याला चहा-भाताचा, म्हणजे गरम चहा ओतलेल्या भाताचा, आग्रह करतात. पाहुणा उठतो. या व्यवस्थेमुळे भांडण होत नाही, आवाज चढत नाही. मनात काही राहत नाही असं नाही, पण जे राहतं ते नीट घडी घालून राहतं.

गल्ली सुधार समितीचा कार्यवाह या नात्याने मी हे आधीच नमूद करतो. पुढे जे घडलं त्यात व्यवस्थेचा दोष नव्हता. समोरच्याला ती कळावी लागते, एवढंच.

"फार धाडसी निवड."

समोरचा म्हणजे तेत्सुओ कुबोकावा. तोसाच्या किनाऱ्यावरचा माणूस. जन्मभर होडीतून पोवळी काढली. त्याची बायको चिझुरू मूळची आमच्याच गल्लीतली. लग्न होऊन गेली ती वडील वारल्यावर घर सांभाळायला परतली, येताना नवऱ्याला घेऊन. दोघांत ठरलं होतं : त्याने समुद्र सोडायचा, आणि अंगणातलं झाड त्याच्या पसंतीचं.

अंगणात जागा रिकामीच होती. तिथला चिझुरूच्या वडिलांचा लाल मेपल वाळून गेला होता. भुंग्याची अळी खोडात शिरते, आतून पोखरते आणि बुंध्याशी बारीक भुसा पडत राहतो. वेळीच पाहिलं तर तार घालून अळी काढता येते. भुसा सगळ्या गल्लीने पाहिला होता, आणि म्हाताऱ्याला वेळोवेळी सांगितलंही होतं, "बुंध्याशी काय सोनेरी धूळ पडते हो तुमच्या." पण उतारवयात त्याचे कान गेले. म्हणजे ऐकू यायचं. फक्त स्तुती सरळ ऐकू यायला लागली होती. तो खूश होऊन मान हलवायचा.

मेपल पानगळीच्या तोंडावर निवडतात, म्हणजे रंगाची फसवणूक होत नाही. नोव्हेंबरात दोघं रोपवाटिकेत गेली.

"हा घ्या," माळी म्हणाला. "पेटल्यासारखा लाल होतो. जास्त खत घालू नका, रंग मरतो."

"हा तर गल्लीत दारोदार आहे. तो कोपऱ्यातला कुठला?"

"तो पिवळा होतो. पानं झडली की फांद्या लाल. 'पोवळ्यांचा मनोरा' म्हणतात त्याला."

तेत्सुओने एका फांदीवरून अंगठा फिरवला. "आणि हा कोरडाच उभाय. मी उगीच जन्मभर भिजलो."

माळी क्योटोचा होता. तो म्हणाला, "फार धाडसी निवड."

"ऐकलंस?" तेत्सुओ बायकोला म्हणाला.

"ऐकलं," चिझुरू म्हणाली.

"काय उजेड पडतो."

आमच्या गल्लीच्या तोंडाशी एक पाटी आहे : 'संपूर्ण लाल गल्ली'. नगर सौंदर्य मंडळाने दिलेली. प्रत्येक दारात एक मेपल, प्रत्येक मेपल लाल, सगळे एकाच आठवड्यात. मंडळाचा माणूस दर नोव्हेंबरात येऊन पाहून जातो. या पाटीसाठी आम्ही काय सोसलं ते इथे सांगत नाही. एका घराने आठवडाभर उशिरा रंगणारं झाड काढून टाकलं आणि त्या आठवड्यात जन्मलेल्या मुलीचं बारसंही अलीकडे ओढलं.

अशा गल्लीतून, ऐन लाल आठवड्यात, तेत्सुओ हातगाडीवरून ते झाड ढकलत आणत होता. नखशिखांत पिवळं. हळद लागलेल्या नवरदेवासारखं.

तोयो आजी दारात उभ्या होत्या. गल्लीत आजींच्या स्तुतीइतकी जड स्तुती दुसरी नाही. त्या म्हणाल्या, "काय उजेड पडतो हो तुमच्या झाडाचा. आता आमच्या माजघरात दिवा लावायला नको."

गल्ली थबकली. इतकं कडक आजी यापूर्वी फक्त एका ढोल शिकणाऱ्याला बोलल्या होत्या.

"असं होय?" तेत्सुओ म्हणाला. "मग आजी, तुमच्या बाजूची फांदी छाटतच नाही. वाढू दे चांगली."

बोललेलं आणि ऐकलेलं

पुढच्या वर्षी झाड अंगणात रुजून पुन्हा पिवळं झालं, तेव्हा समितीचे अध्यक्ष त्सुजिमुरा-सान स्वतः गेले. त्यांचा लोणच्यांचा पिढीजात धंदा. मी बरोबर होतो. जे बोललं गेलं ते आधी देतो.

अध्यक्ष : तुमच्या झाडामुळे आमची झाडं जास्तच लाल दिसतात.

तेत्सुओ : मग अजून एक लावू?

अध्यक्ष : विचार करण्यासारखं आहे.

तेत्सुओ : झालं तर मग.

आता तेच, गल्लीच्या भाषेत.

अध्यक्ष : हे झाड काढा.

तेत्सुओ : मग अजून एक लावू?

अध्यक्ष : तुमच्या सात पिढ्यांत कोणी लावायला नको.

तेत्सुओ : झालं तर मग.

त्या आठवड्यात दुसरं झाड आलं. तेत्सुओ ते दाखवायला अध्यक्षांकडे गेला, बसला, आणि पोवळी कशी काढतात ते सांगू लागला. अध्यक्षांनी बराच वेळ मान डोलावून अखेर शेवटचं शस्त्र काढलं. "चहा-भात घेता का थोडा?"

"घेतो की."

घरात चहा-भात नव्हताच. आमच्याकडे तो कोणी शिजवून ठेवत नाही. नुसता विचारायचा असतो. अध्यक्षांच्या पत्नीने मागच्या दाराने माझ्याकडून भात नेला. तेत्सुओने तीन वाडगे खाल्ले आणि लोणचं पुन्हा मागितलं.

"उत्कृष्ट वृक्षमित्र"

समितीची तातडीची बैठक झाली. स्तुतीची मात्रा कमी पडते आहे, असं सर्वांचं मत पडलं. सबब कुबोकावा यांना 'उत्कृष्ट वृक्षमित्र' हा सन्मान द्यावा असं ठरलं. हा सन्मान आम्ही क्वचित देतो. तो ज्यांना मिळाला त्यांतल्या कोणीही पुढचा उन्हाळा गल्लीत पाहिलेला नाही. ढोलवाल्याला तर 'उत्कृष्ट नादमित्र' म्हटल्यावर तो आठवड्याच्या आत गेला, ढोल मागे ठेवून.

तेत्सुओने सन्मानपत्र घेतलं, चौकट करून झाडाला टांगलं आणि आभाराला उभा राहिला.

"मी शिकलेला नाही," तो म्हणाला, "पण सन्मानाचा नियम चिझुरूने वाचून दाखवला. त्यात आहे की सन्मानित झाड गल्लीत आदर्श मानावं."

हा नियम होता खरा. कोणी वाचला नव्हता, कारण तो लागू होईपर्यंत कोणी राहिलंच नव्हतं.

"आदर्श एकाच दारात कसा चालेल? हिरव्या मेपलची रोपं मी कुंड्यांत तयार ठेवलीत. फेब्रुवारीत त्यांवर याची कलमं बांधतो. प्रत्येक दारात एक. माझ्याकडून भेट."

 मग एक म्हणाला, "किती छान कल्पना." दुसरा म्हणाला, "हे आधी कसं सुचलं नाही." तोयो आजी म्हणाल्या, "आता गल्ली उजळणार." गल्लीच्या इतिहासात इतका तीव्र विरोध कशालाच झाला नव्हता. ठराव एकमताने मंजूर झाला.

"ना…"

आजवर मंडळाचा माणूस कुबोकावांच्या दाराचं कौतुक करून गेला होता, पण आता दारोदार पिवळं म्हटल्यावर पाटी जाणार हे स्पष्ट होतं. उपाय एकच : फेब्रुवारीच्या आत कुबोकावांना तोंडावर 'नाही' म्हणायचं आणि सन्मानित मूळ झाडच तोडून घ्यायचं, म्हणजे आदर्श उरणार नाही. त्यासाठी समितीने लोणच्याच्या कोठारात सराव घेतला.

तोयो आजींनी 'नको'ने सुरुवात केली. निघालं ते, "नको इतके कष्ट घेऊस हो." मी 'नाही'चा प्रयत्न केला, "नाही म्हणायला झाड देखणं आहे," इथे पोचलो. अध्यक्षांनी मात्र 'ना' इतका भाग स्वच्छ उच्चारला. त्यांचं अभिनंदन झालं, आणि ते अभिनंदन आहे की काय, या शंकेने ते दिवसभर अस्वस्थ होते.

आम्ही तिघे गेलो. तेत्सुओ अंगणात कुंड्यांवर वाकला होता. चिझुरू ओसरीवर.

"कुबोकावा-सान," अध्यक्ष म्हणाले, "तुमच्या झाडाबद्दल समितीचं म्हणणं, ना…"

"ना?"

"ना… ना… नाजूक आहे झाड."

"आहेच. पश्चिमेचं ऊन सोसत नाही, पानांच्या कडा करपतात. म्हणून भिंतीआड लावलं."

चिझुरू आत गेली आणि करवत घेऊन आली. ती तिने ओसरीच्या कडेला, अध्यक्षांच्या हाताशी ठेवली.

"त्सुजिमुरा-सान, हे झाड तोडायचंय ना? मग 'तोडा' म्हणा. एक शब्द. आत्ता तोडते, माझ्या हाताने."

तेत्सुओच्या हातातली कुंडी हातातच राहिली. त्याने बायकोकडे पाहिलं. मग झाडाकडे. पोवळी, होडी, किनारा, जे काही सोडून तो आला होता ते सगळं त्या एका शब्दावर टांगलं होतं, आणि शब्द अध्यक्षांच्या तोंडात होता.

अध्यक्षांनी तोंड उघडलं. 

"करवत," ते म्हणाले, "किती धारदार आहे."

"आहे ना," चिझुरू म्हणाली.

 शेवटी तेत्सुओनेच कुंडी खाली ठेवली. "त्सुजिमुरा-सान, तुम्ही आलातच तर सांगतो. तुमच्या मेपलला अळी लागलीय. बुंध्याशी हा एवढा भुसा. उद्या तार घेऊन येतो, नाहीतर दोन वर्षांत झाड गेलं म्हणून समजा."

अध्यक्षांचा चेहरा पांढरा पडला. "मला कोणी बोललं नाही."

हे खरं नव्हतं. मी स्वतः अनेकदा बोललो होतो, "काय सोनेरी धूळ पडते हो." पण अध्यक्ष झाल्यापासून त्यांना स्तुती खरीच वाटू लागली होती.

निघताना मी चिझुरूला हळूच विचारलं, "तुम्ही त्यांना आमच्या बोलण्याचा अर्थ सांगत नाही का?"

"पहिल्या दिवसापासून सांगते. ते म्हणतात, बोलले तेवढं मी ऐकलं. न बोललेलंही ऐकायचं असेल तर माणसं बोलतात कशाला?" तिने करवत उचलली. "बाबांचं झाड अळीने मेलं असं तुम्ही नोंदवलंत ना, कार्यवाह? दुरुस्ती करा. ते स्तुतीने मेलं."

ही दुरुस्ती समितीपुढे विचाराधीन आहे.

"सुंदर आहे."

जानेवारीत बर्फ पडला. गल्लीतले सगळे मेपल उघडेबोडके, काळपट काटक्या. फक्त कुबोकावांच्या अंगणात, पांढऱ्यावर, फांदी न् फांदी पोवळ्यासारखी लाल. सबंध गल्लीत लाल असं तेवढंच.

तोयो आजी छत्री धरून बाहेर आल्या. बराच वेळ उभ्या राहिल्या. मग म्हणाल्या, "सुंदर आहे."

एवढंच. पुढे 'हो' नाही, 'तुमचं' नाही, माजघर नाही, दिवा नाही. दोनच शब्दांच्या स्तुतीला आमच्या गल्लीत दाखला नाही. समितीने त्यांच्या अर्थावर बैठका घेतल्या. एक गट म्हणतो, हा आजवरचा सर्वांत घणाघाती शेरा असावा. दुसरा गट म्हणतो, आजींना झाड सुंदर वाटलं असावं. दुसऱ्या गटात मी एकटा आहे, आणि माझ्या स्वतंत्र विचारांचं अलीकडे सर्वत्र कौतुक होतं.

अध्यक्षांचं झाड वाचलं. तेत्सुओ तारेने अळी काढत होता तेव्हा ते शेजारी उभं राहून त्याच्या हाताचं कौतुक करत होते. खरं की आमच्या पद्धतीचं, ते त्यांनाही सांगता आलं नाही. फेब्रुवारीत कलमं बांधली गेली. माझ्या दारातल्या कलमाला कोंब आला आहे. मंडळाने पाटी काढून नेली, धुवायला म्हणून. बरेच दिवस झाले. पाटी फारच स्वच्छ होत असणार.

तुम्ही हे वाचताना मनापासून हसत होता, हे मला आवडलं. आमच्यासारखी माणसं तुमच्याकडे नसतात, तुमच्यात जो तो तोंडावर बोलतो, हे आम्ही ऐकून आहोत. परवा तुमच्या दारावरून गेलो तेव्हा खात्रीच पटली. झाडही पाहिलं तुमचं. छान वाढवलंय. शेजारीही तेच म्हणत होते.

बुंध्याशी काय सोनेरी धूळ पडते हो तुमच्या.