सुतळीच्या तोंडचा घास

पी.टी.च्या मास्तरांना डॉक्टरांनी पथ्यावर टाकलं, त्याच आठवड्यात त्यांच्या मुलीनं घरी फेरेट आणला. मुंगसासारखा लांबुडका, दिसेल त्या फटीत शिरणारा. नाव पडलं सुतळी. मास्तरांच्या ताटात उकडलेल्या भाज्या आल्या आणि सुतळीच्या डब्यात कोंबडीचे तुकडे नि काळीज.

"बाबा, तो पक्का मांसाहारी आहे," मुलीनं बजावलं. "त्याचे रानातले भाऊबंद उंदीर, ससे मारून खातात. आतडं आखूड असतं, म्हणून सारखं थोडं थोडं खावं लागतं."

"माझंही आखूडच असणार," मास्तर पुटपुटले.

मुलगी सकाळी डबा भरून कॉलेजला जायची. दुपारपर्यंत सुतळीला आईनं वाढायचं, शाळा सुटल्यावर बाबांनी. पहिला तुकडा मास्तरांनी ताजा आहे ना हे बघायला खाल्ला. दुसरा, पहिल्याची खात्री करायला. पुढे कारणं शोधायचाही कंटाळा आला. शिट्टी फुंकून पोरांना 'पोट आत!' सांगणारा आपण, आणि हे धंदे! लाज वाटायची, पण डबा बंद केल्यावर.

सुतळी मात्र वाळत चालला. "तो मरणार नाही ना, बाबा?" मुलीनं रडकुंडीला येऊन विचारलं. मास्तरांच्या पोटात, आधीच्या ऐवजाच्या जोडीला, गोळाही उठला.

तिघंही सुतळीला घेऊन गेले, तेव्हा जनावरांच्या डॉक्टरांनी त्याला काट्यावर ठेवलं. "उपाशी आहे हो हा! खाणं जातं कुठे?"

"फार पळतो तो," मास्तर म्हणाले. एवढ्यात सुतळीनं नाक वर केलं, झेप घेतली आणि तो मास्तरांच्या जाकिटाच्या खिशात शिरला. बाहेर आला तो कोंबडीची तंगडी ओढतच. तिला मास्तरांचा रुमाल गुंडाळलेला होता.

"शिकारीच शेवटी," डॉक्टर म्हणाले. "वासावर बरोबर जातो."

"अहो!" बायको कडाडली. "मुक्या जनावराच्या तोंडचा घास? लाज नाही वाटली?"

"वाटली. रोज वाटली," मास्तर मान खाली घालून म्हणाले. "हावरट आहे मी. चुकलो, बेटा."

"पण काळीज तरी मिळत होतं ना त्याला?" मुलीनं विचारलं.

"छे! काळीज खाऊन असा वाळेल कसा?" डॉक्टर म्हणाले.

"बाबा, तेही तूच?"

"शपथ घेतो! काळजाच्या वासानंच मला मळमळतं. आईला विचार हवं तर."

सगळ्यांनी आईकडे पाहिलं. आई भिंतीवरचा रेबीजचा तक्ता फार मन लावून वाचत होती. आणि सुतळी, नाक वर करून, तिच्या पर्सकडे निघाला होता.