शालनच्या फायलीत न गेलेलं पान

शालन कुणाला ‘बरे आसास मां?’ असं विचारत नाही. ती विचारते, “काल काय खाल्लास?” आणि आपण तोंड उघडायच्या आत पिशवीतून वही काढते. “पयल्या घासापासून शेवटच्या घासापर्यंत सांगा. चाय धरून.”

आमच्या शेजारचे अण्णा वारले तेव्हा भेटायला आलेल्या शालनने त्यांच्या बायकोलाही हेच विचारलं. सगळे अवघडले. मी तर खाली बघत बसलो. पण त्या बाईंच्या पोटात दोन दिवस काही गेलं नव्हतं, आणि तोवर घरातल्या एकालाही ते विचारायचं सुचलं नव्हतं. शालनने स्वतः उठून पेज करून आणली.

एकादशीला भटजी सापडले. त्यांनी साबुदाण्याच्या खिचडीपासून सुरुवात केली आणि राजगिऱ्याच्या लाडवांपर्यंत येईतो शालनचं पान भरलं. तिने बेरीज करून सांगितलं, “भटजीनू, रोजच्या जेवणापेक्षा उपास भारी पडलो.” तेव्हापासून भटजी तिला बघून रस्ता बदलतात. मीही फुशारकीने ‘वाटीभर भात’ म्हणालो होतो. तिने वाटी बघायला मागितली. आमच्याकडे त्या वाटीतून चौघांना आमटी पुरते.

मी जामसंड्याला टायपिंगचा क्लास चालवायचो. मशीनच्या जोडीला नुकताच एक कॉम्प्युटर आणला होता, म्हणून शालन माझ्याकडे यायची. तिला रजिस्टर्ड डाएटिशियन व्हायचं होतं. शिक्षण मुंबईत झालं होतं, मोठ्या हॉस्पिटलातले उमेदवारीचे सहा महिनेही भरले होते. गावातल्या एका खाजगी दवाखान्यात ती पेशंटांचे आहाराचे तक्ते करायची, पण खाली सही डॉक्टरांची. स्वतःची सही करायची तर मुंबईची परीक्षा पास व्हायला हवं होतं. गावाला हे काही पटत नव्हतं. “लोकांका काय खावचां ता सांगूक लायसन लागता?” असं एक रिक्षावाला तिला तोंडावर म्हणाला. शालनने त्याला काल काय खाल्लं ते विचारलं. भजी आणि सोडा निघाल्यावर म्हणाली, “म्हणान लागता.”

पहिल्या खेपेला ती तोंडी परीक्षेत आपटली. परीक्षक बाईंनी विचारलं, एका माणसाला एका वेळी मासा किती द्याल? शालनचा जन्म मासळीवाल्या घरातला. तिच्या तोंडून निघालं, “अर्धा वाटा.” आमच्या बाजारात मासे तोलून नाही, वाटे लावून विकतात. बाईंनी ग्रॅम विचारले. घाबरलेली शालन सांगत सुटली, की सकाळी वाट्यात पाच बांगडे येतात, दुपारी गिऱ्हाईक कमी झालं की आठ. बाईंनी चष्मा काढून ठेवला म्हणे.

परत आल्यावर तिने छोटा काटा विकत घेतला आणि थेट बाजारात आईच्या शेजारी बसून एकेक बांगडा तोलायला लागली. तिची आई, जनाकाकी, शांत बाई. नवऱ्यामागे मासे विकून तिने पोरीला शिकवलं. पण गिऱ्हाइकंही वजन विचारायला लागली तेव्हा तिलाही राहवेना. “गो बाये, तुझो काटो घराक व्हर. माझो धंदो बसतलो.”

दुसऱ्या खेपेला न्यायची केसेसची फाइल मी टाइप करत होतो. एक केस वाचून मी थांबलो. बाई, वय साठ, धंदा मासळी विक्री. सकाळी दूध आणि अंडं. दुपारी चपात्या, पालेभाजी, सुरमईची तुकडी. संध्याकाळी फळ.

“ही बाई शंभरी गाठणार,” मी म्हणालो.

“माझी आयस ती,” शालन म्हणाली. “आणि सगळां खोटां आसा. आमच्याकडे दूध येता ता चायपुरतां. तिका वाटता, वायट सांगलां तर मी नापास होतलंय.”

“मग खरं काय ते विचार. आम्हाला तर सोडत नाहीस.”

“तुमका विचारूक काय जाता माझां?” तिने तो कागद माझ्याकडून काढून घेतला. “तिका विचारूक माका धीर होयत नाय, मास्तर.”

मग घडी घालून पर्समध्ये ठेवला. फायलीत दुसऱ्या कुणाची तरी केस गेली. अख्ख्या गावाची उलटतपासणी घेणारी ही बाई घरात एक प्रश्न गिळून बसली होती, आणि मी इतके दिवस तिला हसत होतो. मला माझीच लाज वाटली.

निकाल आला त्या दिवशी मी जनाकाकीसमोर बांगडे बघत उभा होतो. शालन इस्त्रीची साडी नेसून पत्र घेऊन आली. “आये, पास झालंय. आता कागदार माझी सही.”

जनाकाकीने हात पुसले. “नक्की? आता ते परत काय इचारूचे नाय मां?”

“नाय.”

“मगे खरां सांगतंय.” जनाकाकीचा आवाज खाली गेला. “ता दूध, अंडां, मी काय एक खाल्लंय नाय. दुपारची पेज आणि लोणच्याची फोड. रातीक उरलेली तीच.”

“म्हायत आसा माका,” शालन म्हणाली. मग तिने विचारलंच, “कधीपासून?”

“तू कॉलेजीत गेलंस तेव्हापासून. एकटीसाठी काय रांदूचां?”

“पण मी परत येवन तीन वर्षां झाली.”

“तू जेवतंस दवाखान्यात. येतंस ती वही घेवन बसतंस.” तक्रार नव्हती, ती नुसतं सांगत होती.

शालन बाजाराच्या ओल्या फरशीवर आईला चिकटून खाली बसली.

“गो, साडी भिजतली,” जनाकाकी म्हणाली.

शालन उठली नाही.