हबीबभाई आणि भरतीची वीज

पंपाची जळालेली मोटार घेऊन कुणीही हबीबभाईंच्या दुकानात गेलं, की ते आधी विचारत, "समुद्र बघितलाव का?" मोटार कशी जळाली, ते नंतर. 'हो' म्हणणाऱ्याला बसायला स्टूल मिळे. 'न्हाई' म्हणणाऱ्यानं मोटार ठेवून चालू लागायचं. खुद्द हबीबभाईंनी तोवर समुद्र पाहिलेला नव्हता.

मी तेव्हा लातुरात फिजिक्सचा क्लास घ्यायचो. भूकंपाला काही वर्षं झाली होती. गल्लोगल्ली क्लास निघत होते, आणि चाकूर-बिलोलीकडची पोरं खोल्या करून राहत होती. क्लासच्या बोअरची मोटार जळाली म्हणून मी हबीबभाईंकडं गेलो आणि स्टूल मिळवून बसलो.

त्यांनी दोन पिंपं दाखवली. मधे जाड नळी, नळीत पत्र्याच्या पात्यांचं चाक. पहिल्या पिंपातलं पाणी दुसऱ्यात सोडलं की चाक फिरे आणि त्यांनी स्वतः गुंडाळलेल्या जनरेटरवर टॉर्चचा बल्ब लागे. मग दुसरं पिंप उचलून धरायचं. चाक उलटं फिरे, बल्ब लागेच.

"ही भरती, ही ओहोटी," ते म्हणाले. "येतानाबी वीज, जातानाबी. कोळसा न्हाई, डिझेल न्हाई."

मी माझं ज्ञान पाजळलं. गुजरातच्या आखातांत भरती मोठी आहे, तिथं वीज काढायची बोलणी बरीच झाली. पण खर्च फार, आणि खारं पाणी लोखंड खातं. हबीबभाईंनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं. पुढच्या खेपेला पाहतो तर चाकाला डांबर फासलेलं. मग त्यांनी क्लासवर एक तास मागितला. हे परीक्षेला येत नाही, असं मी सांगून पाहिलं.

"परीक्षेला येत न्हाई म्हणून भरती यायची राहती का, सर?"

तास द्यावा लागला. पोरांनी वहीत काही उतरवलं नाही, पण पिंपं उचलायला सगळी धावली. वर्गात घोटाभर पाणी झालं.

उन्हाळ्याच्या सुटीत ते मला साक्षीदार म्हणून कोकणात घेऊन गेले. सोबत त्यांच्या पत्नी, रझियाभाभी. भाभींचं माहेर औशाजवळच्या एका गावात. भूकंपात ते घर बसलं. आई आणि भाऊ आत राहिले. तेव्हापासून भाभी छताखाली झोपल्या नव्हत्या. लातूरच्या घराच्या अंगणात, ताडपत्रीखाली त्यांची खाट असे. कोकणातही त्यांनी अंगणच निवडलं.

खाडीच्या तोंडाशी छोटा पूल होता, पुलाखाली अरुंद मोरी. आम्ही पोचलो तेव्हा ओहोटी होती, सगळा चिखल. हबीबभाईंनी मोरीत चाक बसवलं. एका कोळ्याकडून भरतीचं वेळापत्रक मिळवलं होतं. काठावरच्या दगडावर त्यांनी खडूनं रेघ मारून 'पावणेचार' लिहिलं आणि भाभींना त्या दगडासमोर बसवलं.

पाणी आलं. चाकानं दोन फेरे घेतले आणि शेवाळात अडकलं. पोहता येत नसूनही हबीबभाई कंबरभर पाण्यात उतरले. शेवाळ मुठीमुठीनं काढत राहिले. बाहेर या म्हटलं तर ऐकेनात. शेवटी चाक फिरलं, बल्ब लागला. उन्हात दिसेना, म्हणून मी त्यावर तळहात धरला आणि दाखवायला वळलो.

दोघांचंही बल्बकडं लक्ष नव्हतं. हबीबभाई पाण्यातूनच भाभींकडं पाहत होते, आणि भाभी दगडाकडं. पावणेचाराच्या सुमाराला पाणी रेघेला लागलं. खडू विरघळला.

हबीबभाई निथळत येऊन त्यांच्या शेजारी बसले.

"वीज तर हायेच, सर," ते हळू आवाजात म्हणाले. "पण हिला एवढं दाखवायचं होतं. इतकी मोठी चीजबी सांगून येती."

भाभींनी नवऱ्याला विचारलं, "कल कित्ते बजे आता पानी?"

हबीबभाईंनी खिशातून वेळापत्रक काढलं. ते भिजून चिकटलं होतं. ते एकेक पान सोडवत बसले.