टोंगातले आठ एकर दहा गुंठे

माझ्या नावावर टोंगा देशात आठ एकर दहा गुंठे जमीन आहे. कोल्हारमध्ये माझ्या बापाच्या नावावर एक गुंठाही नाही, पण प्रशांत महासागरात मी शेतकरी आहे. पुरावा मागाल तर माझ्याकडे टिपण आहे. शाईने आखलेला नकाशा, चारी बाजूंची मापं, उत्तरेचा बाण आणि खाली सही: निवृत्ती भाऊराव, मोजणीदार, सेवानिवृत्त.

ही जमीन मला निवृत्तीनानांनी दिली. मला एकट्यालाच नाही. वस्तरा चालवणारा शंकर, स्टँडवर भजी तळणारा बाबूलाल, अशा गावातल्या तीसेक भूमिहीनांना त्यांनी टोंगात वसवलं होतं. नियम एकच. वय सोळाच्या पुढे पाहिजे आणि नावावर जमीन नको.

नाना जमिनीच्या मोजणी खात्यात पस्तीस वर्षं होते. साऱ्या नगर जिल्ह्याच्या बांधांवरून तेहतीस फुटी लोखंडी साखळी ओढत फिरले. नोकरीच्या शेवटी शेवटी नगरच्या जुन्या बाजारात त्यांना रद्दीत एक बिनपुठ्ठ्याचं पुस्तक सापडलं. कुणा इंग्रज अंमलदाराने टोंगा बेटांबद्दल लिहिलेलं. नानांचं इंग्रजी अर्जापुरतं, तरी शब्दकोश मांडीवर घेऊन त्यांनी ते वर्षानुवर्षं वाचलं. त्यात तिथला कायदा दिला होता. पुरुष सोळा वर्षांचा झाला की त्याला कसायला सव्वाआठ एकर जमीन, घरासाठी जागा वेगळी, आणि जमीन कुणालाही विकायला बंदी. चाळीस गुंठ्यांचा एकर, म्हणजे सव्वाआठ एकर झाले आठ एकर दहा गुंठे. हा आकडा नाना नामस्मरणासारखा म्हणत. मला वाटायचं, मोजणीदाराला आकड्याचं वेड असणारच.

त्यांची दोन वाक्यं ठरलेली होती. पहिलं, ‘खूण दाखव.’ मोजणीला गेल्यावर शेतकरी ‘बांध इथं हुता’ म्हणाला की नाना विचारत, ‘खूण दाखव.’ पुढे ते सगळ्यालाच लागू झालं. बाबूलाल म्हणाला, ‘नाना, रात्रभर पोट दुखत हुतं.’ नाना म्हणाले, ‘खूण दाखव.’

दुसरं वाक्य, ‘टोंगात हरकतच न्हाई.’ पस्तीस वर्षांत त्यांची एकही मोजणी हरकतीशिवाय झाली नव्हती. साखळी पसरली की शेजारचा धावत यायचा, त्याच्या मागे त्याची बायको, तिच्या मागे कुत्रं. तिघांचीही हरकत. म्हणून टोंगा.

पण हरकत टोंगातही पोचली. एके दिवशी शंकर हातातला वस्तरा तसाच घेऊन नानांच्या ओट्यावर आला.

‘नाना, त्या बाबूलालनं माझा बांध कोरला.’

‘कुठला बांध?’

‘टोंगातला. कालपासनं सांगत सुटलाय, समुद्राकडची पट्टी त्याची हाय म्हून. मला पानी कुठनं येनार?’

‘येड्या, समुद्राचं पानी पिकाला चालत न्हाई.’

‘न चालू दे. पन माझं हाय ना?’

दुसरा कुणी हसला असता. नाना हसले नाहीत. त्यांनी बाबूलालला रीतसर नोटीस पाठवली, दोघांना समोर बसवून टोंगाच्या नकाशाचा मोठा कागद उलगडला, कंपासाने मापं घेतली आणि निकाल दिला, ‘बाबूलाल, तुजं एक नारळाचं झाड शंकरच्या हद्दीत गेलंय.’ बाबूलाल चडफडला, पण संध्याकाळी त्याने शंकरच्या दुकानात खराखुरा नारळ नेऊन आपटला. दोघं आठ दिवस बोलत नव्हते.

टोंगाचा भूगोल आमच्या गावाला असा अंगवळणी पडला होता. मोठ्या बेटावर एकही नदी नाही, सगळी जमीन पोवळ्याच्या खडकावर, लोक छपरावरचं पावसाचं पाणी साठवून पितात. हे सांगताना नाना प्रवरेकडे बोट दाखवून म्हणत, ‘तुमाला नदी दिली, तर तुमी पान्याच्या पाळीवरनं डोकी फोडता.’ राजवाड्याच्या आवारात एक कासव होतं. दोनशे वर्षांपूर्वी कुणा इंग्रज खलाशाने भेट दिलेलं, म्हणतात. ते वाटेल तिथे फिरायचं आणि कुणी त्याला हद्द दाखवायचं नाही. उभ्या दोन शिळांवर तिसरी आडवी टाकलेली एक प्रचंड दगडी कमान तिथे शेकडो वर्षं उभी आहे. नानांच्या मते तो हद्दीचा दगड. ‘असा दगड घाला, कोन सरकवतो बघू!’

सगळ्यात लाडकं म्हणजे ते बुडणारं बेट. समुद्रातल्या ज्वालामुखीने ते वर येतं, काही वर्षं राहतं आणि लाटांनी झिजून पुन्हा गडप होतं. नानांनी कागदावर त्याच्यापुढे ‘पोटखराबा’ लिहिलं होतं. पोटखराबा म्हणजे लागवडीला निकामी जमीन. गावातल्या एका मोठ्या बागाईतदाराने चेष्टेने टोंगात जमीन मागितली, तेव्हा नानांनी नियम मोडून त्याला अख्खं ते बेट दिलं.

इंग्रजांनी टोंगावरचं आपलं छत्र काढून घेतल्याची, म्हणजे टोंगा पूर्ण स्वतंत्र झाल्याची बातमी पेपरात आली, त्या दिवशी नानांनी स्टँडवर पेढे वाटले. नानांना मूलबाळ नाही, बायको वारलेली. पेढे खाणाऱ्यांना कळेना की अभिनंदन कशाबद्दल करायचं. एकाने ‘पेन्शन वाढली का?’ असं विचारलं.

मी तेव्हा बावीस वर्षांचा होतो. नगरला कॉलेजात शिकलो होतो आणि खिशात कायम पत्रकं असायची. सत्तर-एकाहत्तरचा तो काळ. जमीन कुणाची, किती असावी, यावर राज्यभर वाद पेटला होता. पत्रकाने क्रांती होते यावर माझा पूर्ण विश्वास होता. अजूनही आहे, फक्त शाई चांगली हवी.

नाना मला ‘पत्रकवाले’ म्हणत. मी त्यांच्याशी भांडायला जायचो.

‘नाना, तुमच्या टोंगात राजा आहे. सरंजामशाही आहे ती.’

‘राजा हाय. पन जमीन इकता येत न्हाई. आपल्याकडं राजा न्हाई. इकायला काय शिल्लक हाय?’

ते वाक्य मी खिशातल्या पत्रकाच्या पाठीवर उतरवून घेतलं. मग ठरवलं, टोंगाचाच मुद्दा घेऊन पत्रक काढायचं. ‘समुद्रातल्या बेटाला जमतं ते महाराष्ट्राला का नाही?’ मथळा मला फार आवडला. मजकूर तपासायला मी पुस्तक मागितलं. नानांनी दहादा बजावून ते दिलं.

घरी येऊन बघतो, तर मधली दोन पानं डिंकाने चिकटवलेली. चुकून नव्हे. कडेकडेने, व्यवस्थित, मोजणीदाराच्या हाताने. जनतेपासून लपवलेलं पान मी सोडणार होतो थोडाच! ओल्या फडक्याने ती पानं सोडवली आणि वाचली.

जमीन फक्त पुरुषाला, बाईला हक्क नाही, एवढं वाचून मी पेटलोच. पण पुढे वेगळंच होतं. टोंगाच्या रिवाजात भावापेक्षा बहिणीचा मान वरचा. थोरल्या बहिणीचा तर सगळ्यात वरचा. लग्नात, मयतात उत्तम चटई तिची, पहिला वाटा तिचा. वयात आल्यावर भाऊ बहिणीच्या छपराखाली झोपत नाही, तिच्यासमोर ऐसपैस बसत नाही.

मी तसाच उठून नानांकडे गेलो. ‘नाना, अर्ध्या माणसांना तुमचा टोंगा जमीन देत नाही, हे लपवलंत तुम्ही! आणि बहिणीचा मान लिहिलाय, तोही लपवलात. का?’

मला वाटलं, ते ‘खूण दाखव’ म्हणतील. खूण माझ्या हातात होती. त्यांनी ती ओली पानं पाहिली आणि नखाने कडेचा डिंक खरवडला. मग खुंटीवरची साखळी काढली.

‘चल. दुसरं टोक धर.’

‘कुठं?’

‘माझ्या रानात.’

बाजरी निघून रान मोकळं झालं होतं. सगळ्या जिल्ह्याची जमीन मोजलेला हा माणूस पहिल्यांदाच स्वतःची मोजत होता. मी साखळी ताणून धरायचो, ते खुंटी मारायचे, आणि दोन खुंट्यांच्या मध्ये एकेक वाक्य बोलायचे.

‘बापानं सोता घेतलेली जमीन. सोळा एकर वीस गुंठे.’

पुढची खुंटी. ‘आमी दोघंच. मी आन् आक्का. आक्का घोडेगावला दिलेली. बाप गेला तवा कायद्यानं निम्मी तिची हुती.’

पुढची खुंटी. ‘भाऊबीजेला आली. ओवाळलं. मी लुगडं दिलं. लुगड्याखाली हक्कसोडीचा कागद ठेवला हुता. म्हनलं, आक्का, एवढा आंगठा दे.’

‘मग?’

‘दिला की. लुगडं तितंच ठेवलं आन् म्हनाली, निवरती, मागितली असतीस तर हसत दिली असती रं. इचारलं का न्हाईस?’ त्यांनी साखळीतला पीळ सोडवला. ‘त्याला तेरा वर्सं झाली. उंबऱ्याला पाय लावला न्हाई तिनं.’

सोळा एकर वीस गुंठ्यांचं निम्मं किती, याचा हिशेब माझ्या डोक्यात तेव्हा झाला, आणि हातातलं टोक खाली पडलं. आठ एकर दहा गुंठे. रद्दीतल्या त्या पुस्तकात त्यांना टोंगा दिसलाच नव्हता. दिसला होता हा आकडा.

‘ताणून धर,’ नाना ओरडले, ‘माप चुकंल!’

कचेरीत जाऊन त्यांनी आक्कांच्या नावाने बक्षीसपत्राची नोंदणी केली, बांधावर दगड रोवले, दगडांना चुना लावला. राहिलं आक्कांना बोलावणं. तिथे मात्र नाना अडले. तीन पोस्टकार्डं फाडली. शेवटी त्यांनी लिहिलं ते असं: ‘लगतचे कब्जेदार यांस कळविण्यात येते की, भाऊबीजेच्या दिवशी सकाळी हद्दीच्या खुणा दाखविण्यात येणार आहेत. तरी समक्ष हजर राहावे. काही हरकत असल्यास त्याच वेळी मांडावी.’

‘नाना, ही बहिणीला लिहिलेली चिठ्ठी आहे का?’ मी म्हटलं.

‘मला दुसरं लिवता येत न्हाई,’ ते म्हणाले. ‘येईल का रं ती?’

भाऊबीजेला नाना पहाटेपासून स्टँडवर उभे. घोडेगावहून यायचं तर नगरला गाडी बदलावी लागते. नगरहून येणारी पहिली एसटी गेली, दुसरी गेली. बाबूलालने भजी पुढे केली, त्यांनी हात लावला नाही. तिसऱ्या एसटीतून एक उंच, काटक म्हातारी उतरली. हातात ते पोस्टकार्ड. भावाकडे न बघता मला म्हणाली, ‘हे सरकारी हाय का घरचं?’

‘दोन्ही,’ मी म्हणालो.

घरी नानांनी नवी चटई अंथरली होती. आक्का बसल्या. नाना अंगणात उन्हात उभे. आत येईनात.

‘आत ये की.’

‘न्हाई. टोंगात भाऊ भैनीसमोर असा बसत न्हाई. रिवाज हाय.’

‘कुठलं गाव ते?’

‘लई लांब. समुद्रात.’

‘तितं आपली कुनी लेक दिलीय का?’

‘न्हाई.’ नानांनी रानाकडे हात केला. ‘आक्का, तुजी जमीन तुला माघारी दिली. आठ एकर दहा गुंठे.’

आक्का चटईवरून उठल्या आणि म्हणाल्या, ‘खूण दाखव.’

तेव्हा मला समजलं की हे वाक्य मोजणी खात्याचं नव्हतं. त्या घरातलं होतं.

आम्ही रानात गेलो. आक्का एकेका दगडापाशी थांबल्या, चुन्यावर तळवा टेकवून बघत राहिल्या. शेवटच्या दगडाजवळ त्यांनी कमरेची पिशवी काढली, दगडाला हळदीकुंकू लावलं आणि बोटाला उरलेलं कुंकू भावाच्या कपाळावर ओढलं. ऊन चढलं होतं. नाना तेव्हाही उभेच. पहाटेपासूनचे उभे. बांधाच्या पलीकडे, आक्कांच्या बाजूला, बाभळीची सावली होती.

‘आक्का,’ नाना म्हणाले, ‘तुज्या हद्दीत जरा बसू का?’

आक्कांनी पदराने डोळे टिपले. ‘बस,’ त्या म्हणाल्या. ‘हरकत न्हाई.’